इवामुराकाकांचा आवाज

तिकीटखिडकीतल्या बाईनं आधी माझ्याकडे पाहिलं, मग तोमिमावशींकडे, मग पुन्हा माझ्याकडे, आणि काच थोडी वर सरकवून हळूच म्हणाली, "तुमची काहीतरी चूक होतेय. प्राणिसंग्रहालय तिकडे, टेकडीवर."

"चूक नाही," मावशी म्हणाल्या. "दोन तिकिटं द्या."

"इथे कसले सिनेमे लागतात, ठाऊक आहे ना?"

"ठाऊक आहे. आमचे हे असतात त्यांत."

बाईनं चष्मा कपाळावर चढवला. "हे म्हणजे कोण?"

"इवामुरा हिसाओ."

"घरमालक इवामुरा!" बाई चक्क उठून उभी राहिली. "अगं बाई! घरमालक, डॉक्टर, फौजदार... वर्ष झालं, नव्या पोस्टरवर दिसले नाहीत. बरे आहेत ना?"

मावशींनी नुसती मान थोडी झुकवली आणि तिकिटांसाठी हात पुढे केला. मी शेजारी उभी राहून पोस्टरवरच्या बायकांकडे बघायचं नाही म्हणून आपल्याच बुटांकडे बघत होते. मिरजेत आईला हे कळलं असतं, तर तिनं पहिल्या विमानानं मला परत बोलावलं असतं.

ही गोष्ट चौऱ्याण्णव सालची. मी चोवीस वर्षांची होते. पुण्यात जपानी शिकून शिष्यवृत्तीवर तोक्योला आले होते आणि अराकावा भागात इवामुरांच्या घरात वरच्या मजल्यावर राहत होते. खाली त्यांचं धुलाई-इस्त्रीचं दुकान होतं. ते मावशी चालवायच्या. मी त्यांना 'ओबासान' म्हणायचे आणि त्यांच्या यजमानांना 'ओजिसान'. मराठीत सांगताना मावशी आणि काकाच म्हणते, कारण नात्यानं ते तेच झाले होते. वृंदा हे नाव काही त्यांच्या जिभेवर बसलं नाही. मी शेवटपर्यंत बुरिंदाच राहिले.

काका काय करतात, हे मला सहा महिने कळलं नव्हतं. 'सिनेमात आहेत' एवढंच मावशी सांगायच्या आणि विषय बदलायच्या. एक दिवस ग्रंथालयातून येताना उएनोच्या एका भिंतीवरच्या पोस्टरवर काका दिसले. पुढे अर्धवट कपड्यांतली एक तरुणी आणि तिच्या मागे, दाराच्या फटीतून डोकावणारे, करड्या कोटातले आमचे काका. मला ब्रह्मांड आठवलं. पण माझ्या पोटात काही राहत नाही. मावशी खाली दुकानात असताना मी त्यांना सरळ विचारलं.

काका संत्रं सोलत होते. ते न थांबता म्हणाले, "हो, मीच तो. तेवीस वर्षं झाली. त्या सिनेमांत दर दहा मिनिटांनी कुणाचे तरी कपडे उतरावे लागतात, असा दंडक आहे. आता सगळ्यांचेच उतरले तर गोष्ट पुढे कोण नेणार? त्यासाठी मी. मी दार ठोठावतो. मी नाडी बघतो. मी कामावरून लवकर घरी येतो. गोष्ट पुढे सरकते." आणि त्यांनी संत्र्याची अर्धी फोड माझ्या हातावर ठेवली.

त्या दिवशी त्यांनी बरंच सांगितलं. अख्खा सिनेमा चार दिवसांत संपवायचा. कपडे ज्यानं त्यानं घरून आणायचे. चित्रीकरणाच्या वेळी आवाज घ्यायचाच नाही, तो नंतर, एका लहानशा खोलीत, पडद्याकडे बघत भरायचा. "ज्याला यायला जमतं तो बोलतो," काका म्हणाले. "मला नेहमीच जमतं." त्या वाक्याचा अर्थ तेव्हा माझ्या डोक्यात शिरला नाही.

मावशींची बाजू मला इस्त्रीच्या टेबलापाशी कळली. लग्नाच्या वेळी काका रंगभूमीवर छोटी कामं करायचे. पोट भरेना, म्हणून या सिनेमांकडे वळले. पहिल्या कामाच्या आदल्या दिवशी त्यांनी मावशींना समोर बसवलं आणि म्हणाले, "एक वचन दे. माझे सिनेमे बघायचे नाहीत. एकही नाही. तिथं मी जो असतो तो तिथंच ठेवून येईन. घरी येईल तो मीच असेन." मावशींनी वचन दिलं, आणि पाळलं. पण कपडे तर इस्त्रीला त्यांच्याकडेच यायचे.

"उद्या कोण?" त्या विचारायच्या.

"उद्या डॉक्टर."

मग पांढरा कोट. फौजदार असला की निळा गणवेश. पुरोहित असला की काळा झगा. मावशींनी नवऱ्याची सगळी कारकीर्द गरम इस्त्रीखालून काढली होती. कुठल्या कोटाची कॉलर झिजली, कुठल्या बाहीचं बटण बदललं, सगळं पाठ. सिनेमा मात्र एकही पाहिलेला नाही.

संध्याकाळी काका घरी यायचे ते ऐकण्यासारखं असायचं. त्यांच्याकडे पूर्वी गोमा नावाची कुत्री होती. ती मेली तेव्हा मावशी जेवेनात. तेव्हापासून काका दार सरकवलं की आधी हुबेहूब गोमासारखे दोनदा भुंकायचे. त्या भुंकण्याच्या शेवटी एक कुईं असायची, म्हातारी कुत्री दमून बसावी तशी. मग म्हणायचे, "तादाइमा." म्हणजे, आलो गं. आणि आतून मावशी, हातात काहीही असो, "ओकाएरी," आलात, या. जपानात हे घरोघरी चालतं. आपल्याकडे सुनेनं 'येते' म्हणावं आणि सासूनं 'ये' म्हणावं, तितकं ते साधं. पण काकांचा तो शब्द शेवटाला असा खाली बसायचा, की ऐकणाऱ्यालाच टेकल्यासारखं वाटायचं. आमच्या मिरजेत तंबोऱ्याच्या भोपळ्यावर टिचकी मारून बघतात, तसा भरीव आवाज.

त्या मार्चमध्ये काकांच्या घशात गाठ निघाली. डॉक्टरांनी स्वरयंत्र काढून टाकलं. गळ्याच्या खळगीत श्वास घ्यायला एक भोक ठेवलं, त्यावर पांढरा रुमाल. जीव वाचला, आवाज गेला.

दवाखान्यातून ते घरी आले तेव्हा मी दाराशीच होते. काकांनी दार सरकवलं. बूट काढले. तोंड उघडलं. काहीच आलं नाही. मावशी आत उभ्या होत्या. त्या वाट बघत राहिल्या. ज्या शब्दाला उत्तर द्यायचं तो शब्दच आला नाही, तर उत्तर कसं देणार? काका मान खाली घालून आत गेले आणि मावशी पाणी ठेवायला स्वयंपाकघरात गेल्या. त्या दिवसापासून त्या घरात दोन्ही शब्द बंद झाले. नव्या तऱ्हेनं बोलायला शिकवणारा एक वर्ग होता, पोटात हवा घेऊन ढेकरेसारखा आवाज काढायचा. काका एकदा जाऊन आले. पुन्हा गेले नाहीत. एक छोटी पाटी जवळ ठेवून त्यावर 'चहा', 'मीठ', 'आंघोळ' असं लिहून दाखवू लागले.

ऑक्टोबरात एका दुपारी मावशींनी इस्त्री उभी करून ठेवली आणि म्हणाल्या, "बुरिंदा, मला त्यांचा आवाज आठवेनासा झालाय."

मी हातातली घडी खाली ठेवली.

"स्वप्नात येतात ते. ओठ हलतात, बस. घरी फोटो आहेत चिक्कार. आवाज कुठे ठेवलाय कुणी? आम्ही कधी रेकॉर्ड करून ठेवला नाही. जिवंत माणसाचा आवाज कोण साठवून ठेवतं?" त्यांनी डोळे पुसले नाहीत, ते तसेच वाहू दिले. "आवाज आहे तो फक्त तिथं. त्या सिनेमांत."

"पण तुम्ही वचन दिलंय."

"बघायचं नाही, असं दिलंय. ऐकायचं नाही, असं ते म्हणाले नव्हते."

मी म्हटलं, मावशी, आमच्याकडे म्हण आहे, मांजर डोळे मिटून दूध पितं. तशाही अवस्थेत त्या हसल्या. "मग मांजर झाले मी. येशील ना माझ्याबरोबर? एकटीनं जायचा धीर होत नाही."

बुधवारी दुकान बंद असायचं. काकांना सांगितलं, दाताच्या डॉक्टरकडे जातोय. काकांनी पाटीवर लिहिलं, 'येताना कोबी.'

अशा रीतीनं आम्ही तिथं पोचलो होतो.

तिकिटाच्या बाईनं आम्हाला शेवटच्या ओळीत दाराजवळ बसवलं आणि जाता जाता मोठ्यानं बजावलं, "या माझ्या पाहुण्या आहेत!" अंधारात पंधरा-वीस टकलं होती. निम्मी झोपलेली. कुणीतरी कागद चुरचुरवत भाताचा गोळा खात होतं. एका तिकिटात तीन सिनेमे होते, तिन्ही जुने. पहिल्याच्या पोस्टरवर काकांचा चेहरा सगळ्यांत मोठा होता, म्हणून मी तो निवडला होता. मावशींनी बसल्याबरोबर डोळे गच्च मिटले आणि माझा हात धरला.

पडद्यावर जे चाललं होतं त्यातलं मी निम्मं पाहिलं आणि निम्मं पाहिलं नाही. वीस मिनिटांनी दार ठोठावलं गेलं. काका! दहा-पंधरा वर्षांनी तरुण, केस काळे. विधवा भाडेकरणीला धमकावणारा घरमालक. ते बोलू लागले.

मावशी तशाच बसून.

मी कानाशी लागले. "आले."

"कुठे?"

"बोलतायत. हे आत्ता बोलतायत ना, तेच."

मावशींनी मान हलवली. "हे नव्हेत ते."

"अहो, समोर दिसतायत मला."

"काय घातलंय?"

"करडा कोट."

"डाव्या बाहीचं तिसरं बटण?"

मी वाट पाहिली. काकांनी हात उगारला तेव्हा दिसलं. "बाकीची काळी, ते तपकिरी."

"मीच लावलंय," मावशी म्हणाल्या. "कोट त्यांचा आहे. आवाज नाही."

खरंच नव्हता. बटणाच्या नादात मी नीट ऐकलंच नव्हतं. काकांच्या तोंडातून कुणा दुसऱ्याचा घोगरा, खवचट आवाज येत होता. मावशी बराच वेळ ऐकत राहिल्या, घरमालक येत गेला, बोलत गेला, आणि प्रत्येक वेळी त्यांचा हात माझ्या हातात आणखी सैल पडला. शेवटी त्या म्हणाल्या, "विसरलेच की मी. त्यांच्यासमोर बसूनसुद्धा ओळखता येत नाही मला." डोळे तसेच मिटलेले ठेवून त्या उठल्या. मी त्यांना धरून बाहेर आणलं. इतकी लाज मला आयुष्यात वाटली नव्हती. हा सिनेमा मीच निवडला होता.

बाहेर तिकिटाची बाई डबा उघडून बसली होती. आम्हाला बघून तिनं झाकण लावलं. "चाललात?"

"त्यांचा आवाज ओळखू आला नाही मला," मावशी म्हणाल्या. गुन्हा कबूल करावा तशा.

"कुठल्या सिनेमात? घरमालकाच्या?" बाईनं कपाळावर हात मारला. "अहो, तो त्यांचा नाहीच! दुष्टाची भूमिका असली की त्यांचा आवाज काढून टाकतात. दिग्दर्शक म्हणतो, हा माणूस धमकी देतो तरी वाटतं, शाल आणून देईल. दुसऱ्या कुणाचा तरी घालतात."

मावशींनी डोळे उघडले. "तुम्हाला कसं ठाऊक?"

"वीस वर्षं मी या भिंतीच्या अलीकडे बसते. पडदा दिसत नाही मला, नुसतं ऐकू येतं. मला तोंडं ठाऊक नाहीत, आवाज सगळे ठाऊक. तुमच्या यजमानांचा कुठे कुठे असतो, विचारू नका. ज्याला यायला जमत नाही त्याचं हेच बोलतात." तिनं घड्याळात पाहिलं. "दुसरा आत्ता सुरू होईल. त्याच्या पोस्टरवर ते नाहीत. तरी बसा. माझं ऐका."

ज्याला यायला जमतं तो बोलतो. मला नेहमीच जमतं. मला ती संत्र्याची फोड आठवली, आणि माझ्या अकलेची कीव आली.

आम्ही पुन्हा बसलो. मावशींनी पुन्हा डोळे मिटले. दुसऱ्या सिनेमात खेड्यातलं स्टेशन होतं. नायिका सामान घेऊन उतरते, आणि फलाटावरच्या कर्ण्यातून कुणीतरी म्हणतं, गाडी चार मिनिटं उशिरा येत आहे, क्षमस्व.

मावशींनी माझ्या हाताला असं धरलं, की नखं रुतली.

"हेच," त्या म्हणाल्या. "हेच ते."

पडद्यावर नुसता कर्णा होता, पत्र्याचा, गंजलेला. मावशी त्याच्याकडे तोंड करून, डोळे मिटून, लग्नातल्या नवरीसारख्या ताठ बसल्या होत्या. पुढे पोस्टमन बोलला. "हेसुद्धा!" मग देवळातला पुरोहित. "खोकले बघ. खोकला त्यांचाच." त्या सिनेमातली निम्मी वस्ती काकांच्या आवाजात बोलत होती, आणि काका स्वतः कुठेच नव्हते. मग नायिका एका फाटकापाशी थांबली. आतून साखळीला बांधलेला भलामोठा कुत्रा तिच्यावर धावून आला आणि दोनदा भुंकला. शेवटी एक कुईं.

मावशी मोठ्यानं हसल्या. त्या अंधारात, त्या सिनेमात, इतकं स्वच्छ हसू कुणी ऐकलं नसेल. पुढची तीन-चार टकलं वळून बघू लागली. "गोमा!" मावशी मला म्हणाल्या, "अगं, गोमा आहे ती!" डोळ्यांतून पाणी घळाघळा वाहत होतं आणि त्या हसत होत्या. तो राक्षसासारखा कुत्रा दात विचकत होता आणि आमच्या घरातली म्हातारी कुत्री त्याच्या तोंडून कण्हत होती.

सिनेमा संपत आला. नायिकेचा तरुण नवरा शहरातून परत यायचा होता. त्याचं काम कुणा देखण्या पोरानं केलं होतं. भुवया कोरलेल्या, गालावर खळी. त्यानं दार सरकवलं. बूट काढले.

"तादाइमा."

आवाज काकांचा होता. पंधरा वर्षांपूर्वीचा, पण शेवटाला तसाच खाली बसणारा, दिवसभराचं ओझं उंबऱ्यावर उतरवून ठेवणारा.

"ओकाएरी," मावशी म्हणाल्या.

हळू नाही. घरात म्हणायच्या तशा, स्वयंपाकघरातून पुढच्या दारापर्यंत ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं. पडद्यावरची बायको काही म्हणायच्या आधी. मला वाटलं आता कुणीतरी हसेल, आणि हसला तर त्याच्या टकलावर मी पर्स हाणणार होते. कुणी हसलं नाही. भाताचा गोळा खाणाऱ्याचा कागदही थांबला होता.

आम्ही तिसरा सिनेमा पाहिला नाही. निघताना तिकिटाच्या बाईनं खिडकीतूनच मान लववली, मावशींनीही लववली, आणि दोघी तशा बराच वेळ वाकत राहिल्या.

घरी परतताना मी मनात दाताच्या डॉक्टरची गोष्ट जुळवत होते, कुठला दात, किती दुखला. त्याची गरज पडली नाही. मावशींनी दार सरकवलं आणि म्हणाल्या, "तादाइमा."

काका आतून आले. गळ्याला रुमाल, हातात पाटी. त्यांनी मावशींच्या सुजलेल्या डोळ्यांकडे पाहिलं. मग माझ्याकडे. मग माझ्या रिकाम्या हातांकडे. कोबी नव्हता.

"अहो," मावशी म्हणाल्या, "मी उएनोला गेले होते. तुमच्या सिनेमाला. डोळे मिटून बसले होते, शप्पथ. काहीएक पाहिलं नाही. या पोरीला विचारा."

मी घाईघाईनं मान हलवली. काकांचा चेहरा पांढरा पडला. तेवीस वर्षं त्यांनी जे उंबऱ्याबाहेर ठेवलं होतं, ते आज बायकोबरोबर घरात आलं होतं. मग त्यांनी पाटीवर लिहिलं. खडू दोनदा मोडला.

'कुठला?'

"नाव नाही बघितलं," मावशी म्हणाल्या. "ज्यात कुत्रा आहे तो." आणि थोडं थांबून, "कुत्रा फार छान केलात हो."

काकांचे खांदे हलू लागले. मला वाटलं रडतायत, म्हणून मी एक पाऊल पुढे टाकलं. ते हसत होते. आवाज नाही, नुसता गळ्यावरचा रुमाल फडफडत होता. हसता हसता ते मावशींच्या बाजूनं पुढे आले, पायात चपला सरकवल्या, मला हातानं बाजूला केलं आणि सरळ रस्त्यावर गेले. दार ओढून घेतलं. आम्ही दोघी आत उभ्या.

दार पुन्हा सरकलं. काका दारात उभे होते. त्यांनी मान पुढे काढली, ओठ मागे ओढले आणि तोंड दोनदा उघडलं. रुमालाखालून हवा दोनदा फुसफुसली. आणि शेवटी, अगदी बारीक, एक लांबलेला श्वास.

"ओकाएरी," मावशी म्हणाल्या.

मी बूट परत पायात घातले आणि कोपऱ्यावरून कोबी आणायला गेले.